सोन्याची अळी

लग्न झाल्यापासून मी एकच बढाई ऐकत आले. आमचे हे, म्हणजे सहदेवराव, कॉलेजच्या वयात बुलढाण्याच्या व्हिडिओ गेम पार्लरमध्ये अळी मारायच्या गेमचे बादशहा होते म्हणे. वरून अळी वळवळत उतरते, खालून आपण गोळ्या झाडायच्या. बाराव्या फेरीत ती सोन्याची होते. तिथवर अख्ख्या जिल्ह्यात हे एकटेच पोचले, आणि नेमकं तेव्हा शेजारी चिटपाखरूही नव्हतं! पुढे पार्लरही बंद पडलं. घरात गोष्ट निघाली की मी म्हणायची, "आली बाई सोन्याची अळी," आणि हे तोंड पाडून बसायचे.

मग यांचा दोस्त सईद बुलढाण्याहून एक जुना कॉम्प्युटर आणि सीडी घेऊन आला. सीडीतला प्रोग्राम लावला की कॉम्प्युटर स्वतःला पार्लरचं मशीनच समजायला लागतो. नाणं टाकायच्या ऐवजी पाचचा आकडा दाबायचा. फुकटात बादशाही!

"सहदेव, आता वहिनीले दाखवच बे," सईद म्हणाला.

"दाखवतो ना! नाही दाखवली त जलमभर नाव काढणार नाही."

"आन् दाखवली त मी जलमभर हसणार नाही," मीही बोलून बसले.

पण आमच्या धामणगावात दिवसा लाइट कुठे? सगळं लोडशेडिंग. शेतातल्या पंपाची लाइन तेवढी दुपारी असायची. झालं, कॉम्प्युटर बैलगाडीत चढला आणि आमची वरात शेताकडे निघाली. वाटेत शेजारच्या केसरबाईनं विचारलं, "फवारणीचं नवं मशीन आणलं काय वं?" तिला नवल वाटणारच; यंदा पऱ्हाटी, म्हणजे कपाशी, बीटीची आहे, अळीचं नावही निघणार नाही, असं बियाणं विकणारा सगळ्यांना सांगून गेला होता.

"हाव," मी म्हटलं, "अळीच मारायची हाये."

पंपाच्या खोलीत वायर जोडून देऊन सईद त्याच्या बसला पळाला. पावसानं ओढ दिली होती, पऱ्हाटी माना टाकत होती, पाणी देणं तर भागच होतं. म्हणून वाटणी ठरली. यांनी खेळायचं आणि मी फावडं घेऊन चिखलात उभं राहायचं. एक सरी भरली की बांध फोडून पाणी पुढच्या सरीत वळवायचं, आणि मधेच धावत येऊन पडद्यावर डोकवायचं.

हे नवव्या फेरीत मेले. मग दहाव्या. परत नवव्या. शेवटी चिडून उठलेच. "बोटं ऐकूनच नाही राह्यले. तू बस, मी पाणी पाह्यतो."

मी आपली गंमत म्हणून बसले. डोक्यात गोळी घातली की अळी मरते, मधे घातली तर एकीच्या दोन होतात, एवढं बघून बघून कळलं होतं. आणि काय सांगू, हात असा बसला! सहावी फेरी, आठवी, दहावी... मी पदर खोचून उभी राहिलेली, पडद्याला शिव्या घालतेय! अकरावीही गेली. आणि मग ती आली. पिवळीधमक. सोन्याची!

"अहो! लवकर या! अहो!"

हे पाणी तसंच सोडून पऱ्हाटीतून घसरत, पडत, उठत धावले. दारात पाय ठेवला आणि लाइट गेली.

पंप थांबला. पडदा काळा. माझा जीव नुसता तळमळला.

"पाह्यली हो मी! देवाशपथ पाह्यली! तुमी इस्वास ठेवा, नका ठेवू."

हे डोक्यापासून पायापर्यंत चिखलानं माखलेले, धापा टाकतायत. मला वाटलं, आता हसतील. यांचा हक्कच होता तो.

यांनी हळूच विचारलं, "खाली उतरते काय?"

"नाही जी. वरच थांबते. तोंड वळवते आन्..."

"...आन् आपल्याकडं पाह्यते," हे म्हणाले.

"हाव! पाह्यते!"

मी त्यांचे चिखलाचे हात घट्ट धरले. "खरंच पाह्यली होती हो तुमी," मी म्हटलं. यांचे डोळे एकदम भरून आले, आणि मग यांनी मला त्या अंधाऱ्या खोलीत अशी गरगर फिरवली की मी हसता हसता खाली बसले.