पायाखालची फळी

सभागृहात मुंगीला शिरायला जागा नव्हती. लाकडी मंचावर सहा वर्षांची मुलगी लोकांकडे तोंड करून अनवाणी उभी होती. पायात काही नको, हा महाराजांचा दंडकच. मागे मंचावरच ठेवलेल्या ढोलावर त्यांनी थाप मारली आणि जन्मापासून बहिरी ती पोर गर्रकन वळली. टाळ्यांनी छप्पर उडायचं तेवढं बाकी राहिलं.

"कानातली यंत्रं काढा, हातवारे सोडा," महाराज म्हणाले. "हात बोलू लागले की कान आळशी होतात."

पहिल्या रांगेत बसलेल्या प्राध्यापिकाबाई पोरीच्या अनवाणी पायांकडे बघत होत्या. मानसशास्त्र शिकवता शिकवता, बहिऱ्या मुलांचं ऐकणं आणि स्मरण तपासण्यात त्यांची तीस वर्षं गेली होती. आणि ही तर सख्खी भाची. तिची खुणांच्या भाषेची शाळा सुटून आठ महिने झाले होते. शब्द गोळा करायचं वय असं वाया चाललं होतं.

"ताई, इथे तरी तपासत बसू नकोस," शेजारी बसलेली धाकटी बहीण कुजबुजली. "माझं लेकरू बरं झालेलं बघवत नाही का तुला?"

"बरं झालं असेल, तर तुझ्याआधी मी देवापुढे डोकं टेकेन."

बाई उठल्या. "महाराज, हिच्या पायाखाली गादी घालू?"

"ऐकायला गादी कशाला?"

"तेच म्हणते मी. कानाने ऐकत असेल, तर गादीने काय बिघडतंय?"

लोक हसले. महाराजांना नाही म्हणता येईना. खुर्च्यांवरच्या चार जाड गाद्या एकावर एक रचून पोरीला वर उभं केलं. ढोल वाजला. ती वळली नाही. पुन्हा वाजला, भिंती दणाणल्या. पोर समोर आईकडेच बघत राहिली. आईचा चेहरा पडलेला दिसला, तशी ती घाईघाईने वळली. तेव्हा ढोल गप्प होता.

"आज श्रद्धा कमी पडली," महाराज म्हणाले.

"कुणाची, गादीची?" मागून कुणीतरी विचारलं.

बाईंनी मंचावर जाऊन, भाचीसमोर बसून हातांनी काही विचारलं. पोरीने आधी आईकडे चोरून पाहिलं, मग बोटं हलवली.

"काय म्हणते?" धाकटीने विचारलं. खुणा ती कधी शिकलीच नव्हती.

"ढोल वाजला की फळी पायाला थरथरते, म्हणते. आणि..." बाईंनी बहिणीकडे पाहिलं. "मी वळले की आई हसते, म्हणते."

धाकटी मंचावर आली आणि लेकीसमोर खाली बसली.

बाई लोकांकडे वळल्या. "देवावर माझाही जीव आहे. पण त्याने दिलेले हात बांधून त्याच्याच नावाचा ढोल बडवायचा, ही कसली भक्ती? चमत्कार दिसला की आधी तपासा. खरं असेल ते तपासल्याने मरत नाही."

"ताई," धाकटी खालूनच म्हणाली, "नाही वळलीस तरी चालेल, हे हातांनी कसं सांगायचं?"

बाईंनी दाखवलं. धाकटीची बोटं चुकत होती. पोर टक लावून ती वाचू पाहत होती. पण आठ महिन्यांत ती स्वतःच कितीतरी खुणा विसरली होती.