नामीबाईची जागा

आई मंगळवारी सकाळी वारली, आणि जागा मिळालेली नव्हती म्हणून परत उठून बसली. मी जन्मभर मिशनच्या दवाखान्यात नर्स होते, तेव्हा माझी काही गफलत झाली असेल असं कुणी समजू नये. नाडी पाहिली, डोळ्यांत बॅटरी मारून पाहिली, नाकाशी आरसा धरला. ती गेलेली होती. तिने पदर सारखा केला आणि चहा टाकायला सांगितलं. चहा झाला की पंडित सरांकडे जायचं, उशीर करायचा नाही, असंही सांगितलं.

आमच्या गावची ख्रिस्ती दफनभूमी केव्हाच भरली आहे. नवी कबर खणायला घेतली तर कुदळ कुणाच्या तरी बरगडीला लागते. त्यामुळे आता आपल्या घराण्याची जुनी जागा दाखवावी लागते. तिथे आपल्या रक्ताचं माणूस पुरलेलं आहे हे सिद्ध झालं, की तीच कबर उघडून देतात. ज्याला जागा दाखवता येत नाही तो घरी बसून राहतो, आणि दिवेलागणीपर्यंत बसल्या जागी त्याची माती होते. कोपऱ्यावरच्या दाऊद मास्तरांचं तसंच झालं. सुनेने त्यांना झाडून सुपलीत भरलं आणि कचऱ्याच्या गाडीत टाकलं. सून काही वाईट नव्हती. पण घरात माती किती दिवस ठेवणार?

आईने कप खाली ठेवला. कपाच्या कानाला बारीक तांबूस माती लागली होती. मी ती पुसून काढली आणि चपला घातल्या.

शमुवेल पंडित हे दफनभूमीच्या कमिटीचे सेक्रेटरी. शाळेत ते आम्हाला चित्रकला शिकवायचे. रिटायर होऊन जमाना झाला, तरी समोरचा माणूस वाकडा बसला आहे अशाच नजरेने ते अजून बघतात. त्यांचं ऑफिस म्हणजे दफनभूमीच्या भिंतीला टेकलेली एक खोली आणि तीत एक बाक. मी बाकाच्या मध्यावर बसले, तर आई म्हणाली, "सरक जरा." लहानपणी आम्हा दोघींना एकच खाट होती. रात्री भांडी आवरून ती आली की मला ढोसून हेच म्हणायची आणि मी झोपेतच भिंतीला चिकटायचे. आताही सरकले.

सरांनी आईची चौकशी केली. त्रास झाला का, शेवटी शुद्ध होती का, असं तिलाच विचारलं. तिने झोपेतच गेल्याचं सांगितलं. सर म्हणाले, फार वाईट झालं. मग त्यांनी मागचं दार उघडलं आणि आम्हाला नोंदींच्या खोलीत नेलं.

आमच्याकडे दफनाच्या नोंदी कागदावर नाहीत. कबर बुजवण्याआधी जमलेली माणसं मूठमाती देतात, त्यातली पहिली मूठ बाजूला काढून बोळक्यात ठेवतात. बोळक्यावर मयताचं नाव घालतात. नातं बघायचं असलं की आत हात घालायचा. आपल्या रक्ताचं माणूस असेल तर मूठ आपोआप मिटते, नसेल तर हात जसा गेला तसा बाहेर येतो. यापुढे कमिटी कुणाचं काही ऐकत नाही, आधार कार्डाचंसुद्धा.

वडिलांचं बोळकं दाराजवळच्याच फळीवर होतं. यशवंत केदारी. मी हात घातला आणि माझी मूठ अशी गच्च मिटली की नखं तळव्यात रुतली. हात बाहेर काढला तरी ती उघडेना. सर म्हणाले, राहू द्या, योग्य ठिकाणी उघडेल. मग आईने हात घातला. तिची बोटं पिठाच्या डब्यातून यावीत तशी सरळ, मोकळी बाहेर आली.

मला रागच आला. मी विचारलं की हिने यांच्या घरात उभा जन्म काढला, सासूचं हगणंमुतणं काढलं, तेव्हा ही केदाऱ्यांची होती ना? सर म्हणाले, "आडनाव लग्नात मिळतं, सिस्टर. माती मिळत नाही." मग माझी आजी आजोबांच्या शेजारी कशी, असं विचारलं तर म्हणाले की तेव्हा कमिटी नव्हती.

आईने माझ्या दंडाला धरलं. "वाद नको घालू. माझ्या माहेरचं बघ," ती म्हणाली. तिने हात काढला तेव्हा माझ्या बाहीवर तिच्या बोटांचे तांबूस ठसे राहिले होते.

आईचं माहेर उजगऱ्यांचं. त्यांची फळी बरीच आत होती. आम्ही चालायला लागलो तशी खोली लांब होत गेली. दार मागे लहान होताना दिसत होतं आणि छत खाली येत होतं. सर उंच असल्याने आधी ते वाकले. आईच्या वडिलांच्या बोळक्यात आईचा हात गेला. बोटं मिटू लागली आणि मध्येच थांबून पुन्हा सुटली.

सरांनी आत वाकून पाहिलं. मातीत एका मुठीएवढा खड्डा होता. मुलगी दिली की तिच्या वाटची माती काढून टाकतात, हे मला माहीत नव्हतं. आईला माहीत होतं. तिच्या लग्नाच्या दिवशी तिच्या भावाने ती मांडवाबाहेर नेऊन टाकली होती, आणि आम्ही सगळे तिच्यावरून चालत जेवायला गेलो, असं ती म्हणाली.

मग आईच्या आईचं बोळकं काढलं. त्यावर लिहिलं होतं, उजगऱ्याची बायको. एवढंच. आईने हात घातला. बोटं वाकली, थरथरली, पण मिटली नाहीत.

"हिचं नाव सोनाबाई होतं," आई म्हणाली.

"तुम्ही सांगताय," सर म्हणाले. "बोळक्यावर नाही. नाव नसलं की माती धरत नाही."

त्याच्या मागच्या बोळक्यावर लिहिलं होतं, हिवाळ्याची बायको. ती सोनाबाईची आई. आईने सांगितलं की तिला तान्हाई म्हणत, ती सुईणपण करायची आणि गूळ चोरून खायची. सरांनी मान डोलावली. बोटं वाकली आणि सुटली. त्याच्या मागे थोरल्या ओहोळाची बायको. इथे आईला नावही आठवेना. ती फळीला हात टेकून बराच वेळ आठवत राहिली आणि तिच्या पायाशी माती सांडत राहिली. त्याही मागे नुसत्या बायकाच होत्या, याची बायको, त्याची बायको, एका बोळक्यावर तर फक्त बायको. प्रत्येकीत आईने हात घातला. दर वेळी बोटं थोडी कमी वाकत होती, कारण बोटंच कमी होत चालली होती. डाव्या हाताची तर संपलीच होती.

एवढं होईपर्यंत आम्ही ओणवे चालत होतो. दोन्हीकडच्या फळ्या खांद्यांना घासत होत्या. भिंतींचा चुना संपून मुरूम लागला होता, आणि खोलीचं दार मागे टिकलीएवढं दिसत होतं. त्या टिकलीतला उजेड पिवळा पडत चालला होता. मी आईकडे पाहिलं तर तिचा उजवा कान नव्हता. मी किती मयतं धुतली आहेत, कधी नजर वळवली नाही, पण त्या वेळी वळवली. हिला झाडूने गोळा करायची वेळ आली तर ते काम घरात दुसरं कोण करणार होतं? मीच. आणि माझ्याने ते झालं नसतं.

शेवटच्या फळीवर एकच बोळकं होतं. रिकामं आणि ओलसर, आत्ताच चाकावरून उतरवलेलं. मी जवळ जाताच सकाळपासून मिटलेली माझी मूठ आपोआप उघडली आणि वडिलांच्या कबरीची माती त्यात पडली. सरांनी खिशातला खडू काढला आणि शाळेतल्या त्याच वळणदार अक्षरात बोळक्यावर लिहिलं, मार्था केदारी. कुणाची बायको लिहिलं नाही. लिहिण्यासारखं काही नव्हतंच.

"तुम्ही लग्न केलं नाहीत," सर म्हणाले. "तुमची माती कुणी काढून टाकलेली नाही. तुमच्या नावाने नवीन जागा निघते. नामीबाई, आता बघा."

आईने हात घातला. उरलेली बोटं एकदम मिटली. मी कोपराला धरून हात बाहेर ओढला तरी मूठ सुटेना. मला इतका आनंद झाला की मी सरांचे आभार मानले, दोनदोनदा मानले. मग विचारलं, जागा कुठे आहे?

सर बाजूला झाले. त्यांच्यामागे खोली संपत होती आणि तिच्या टोकाला खाली उतरायला खड्डा होता. वरून छत निघून गेलं होतं आणि संध्याकाळचं आभाळ दिसत होतं. भिंतीपलीकडे कडुनिंबावर कावळे परतले होते. खड्डा नवा खणलेला, चारी बाजूंनी तासलेला होता.

"दोघांना पुरेल," सर म्हणाले. "पण घराणं पहिल्या माणसापासून धरतात. ज्याच्या नावाची जागा, तो आधी."

"मी जिवंत आहे," मी म्हटलं.

"हो," सर म्हणाले. "अजून नोंद झालेली नाही."

आईला समजायला वेळ लागला, एकच कान राहिला होता म्हणून असेल. समजलं तशी ती माझा पदर धरून मागे ओढायला लागली. घरी चल म्हणाली. सुपलीत भर, परसात टाक, कढीपत्त्याला घाल, मला चालेल, असं म्हणाली. बोलताना तिच्या हनुवटीवरून माती ओघळत होती. मागे वळून पाहिलं तर दाराची टिकली विझली होती. जायला वाटही उरली नव्हती, फळ्या एकमेकींना भिडल्या होत्या.

मी खरं सांगते, मला भीती वाटत होती. जगायचा कंटाळा वगैरे मला कधीच आलेला नाही. पेन्शनचं पहिलंच वर्ष होतं, मी गॅलरीसाठी वेताची खुर्ची बघून ठेवली होती. पण आईचा पदर माझ्या हातात आला आणि त्याच्या आत खांदा लागला नाही. मी चपला काढल्या, खड्ड्याच्या काठावर बसले आणि उतरले.

खाली गार होतं. मी आडवी झाले. जागा माझ्या मापाची होती आणि बाजूला आणखी एका बारीक बाईपुरती होती. मी सवयीने सरकून भिंतीला चिकटले.

सरांनी आईला काठाशी आणलं. पहिली मूठ सगळ्यात जवळच्या माणसाने द्यायची, ती पडली की नोंद झाली, मग लगेच तुम्हीही उतरा, असं त्यांनी तिला समजावून सांगितलं. आईने आजवर कुणालाच मूठमाती दिलेली नव्हती. तिच्या काळी बायका फाटकापाशीच थांबायच्या. आईवडील गेले तेव्हा ती फाटकापाशी होती, माझे वडील गेले तेव्हाही तिथेच होती. ती आता पहिल्यांदाच कबरीच्या काठावर उभी होती आणि तिची मिटलेली मूठ बरोबर माझ्या तोंडाच्या वर होती.

"आई, सोड," मी म्हटलं. "तुझी जागा ठेवलीय."

तिने मान हलवली. मूठ गच्च होती. तिच्या कपाळावरून, गालांवरून माती झरझर खाली येत होती आणि वाऱ्याने काठापलीकडे उडत होती, पण त्या मुठीतून एक कणही पडत नव्हता.

सरांनी आभाळाकडे पाहिलं. मग चष्मा नीट केला, तिचं मनगट हातात घेतलं आणि लहान मुलाच्या हातून पेन्सिल काढून घ्यावी तसं, हळूच, तिचं पहिलं बोट सोडवायला घेतलं.