उत्तर देणाऱ्याचा नियम

पाचव्या दिवशी बापाने कपडे उतरवून बाळाला उचललं आणि चुलीभोवती धावत फेरी मारली की ते घरचं होतं. नाही उचललं, तर मडक्यात घालून डोंगराच्या वाटेवर ठेवून येतात. हेदिस्तेला पुन्हा मुलगीच झाली. घरात आधीच्या दोन मुली होत्या, आणि हिला उचलणार की नाही, ते तिचा नवरा फिलाग्रोस अजून बोलला नव्हता.

चौथ्या दिवशी दुपारी अंगणात त्याचे दोस्त जमले. त्यांचा खेळ नेहमीचाच. एकाने विचारायचं, दुसऱ्याने उत्तर द्यायचं. भाषण ठोकायचं नाही, आणि मनाला पटत नाही त्याला 'होय' म्हणायचं नाही. हेदिस्ते पडद्याआड बाळाला पाजत बसली होती.

आज स्मिक्रिओन विचारत होता. "अन्याय म्हणजे ज्याचं त्याला न देणं. मान्य ना?"

"मान्य," फिलाग्रोस म्हणाला.

"मग ज्याचं काहीच नाही, त्याच्यावर अन्याय होईल?"

"नाही."

"आणि ज्याला नाव नाही, घर नाही, त्याचं काही असतं?"

फिलाग्रोस जरा थांबला. "नसावं."

"'नसावं' चालायचं नाही बाबा. असतं का नसतं?"

"नसतं."

"मग उद्या उचललं नाहीस तर कुणाचं काही बिघडत नाही. झोप आता निवांत."

"झोपतोय कुठला," तिसरा म्हणाला. "आतली कारटी झोपू देईल तर ना."

दोस्त पांगल्यावर फिलाग्रोस आत आला. "मला ती नको आहे असं नाही," तो भिंतीकडे बघत म्हणाला. "पण मी एकेक पायरी कबूल केलीय. आता शेवटच्या पायरीवर पाय ठेवणार नाही म्हणता येत नाही."

"खाली उतरता येतं?"

"एखादी पायरी कच्ची निघाली तर."

"मग मी विचारते. भाषण नाही करणार."

तो तिवईवर बसला. दयेपेक्षा सवयीनेच बसला असेल.

"ही यायच्या आधीच्या महिन्यात मला दूध होतं?"

"हे काय विचारणं झालं?"

"हो की नाही तेवढं सांगा."

"नव्हतं."

"धाकटीला लागतं?"

"ती भाकरी खाते."

"तुम्हाला?"

त्याला हसू आलं, ते त्याने दाबलं. "नाही."

"मग आलं कुणासाठी?"

तो बाळाकडे बघू लागला. बाळाचा गाल हलत होता.

"आलं हिच्यासाठी, म्हणजे ते हिचं. नाव नसतानाही हिचं काहीतरी आहे."

"तसं नाही. उद्या तू ते शेजारच्या बाळालाही पाजू शकशील. दाया पाजतातच की."

"पाजीन. पण हिच्या वाटचं पाजीन. मघाशी 'नसतं' म्हणालात ते मनातलं होतं?"

तो म्हणाला, "नव्हतं." मग, "म्हणजे न्याय काय, ते मला ठाऊक नाही."

"मलाही नाही."

"शोधायला जन्म जाईल, हेदिस्ते."

"जाऊ दे. तोवर हिला ठेवून आलात आणि मागाहून कळलं की चुकलं, तर परत आणता येईल?"

"नाही," तो म्हणाला. या उत्तराला मात्र तो थांबला नाही.

दुसऱ्या दिवशी स्मिक्रिओन पाचव्या दिवसाच्या रिवाजाप्रमाणे टोपलीभर माकुल मासळी घेऊन आला. फिलाग्रोस कपडे उतरवून चुलीपाशी उभा होता. "अरे, मग कालचं ते?" स्मिक्रिओनने विचारलं.

"अर्धंच राहिलंय," फिलाग्रोस म्हणाला. "संध्याकाळी ये."

त्याने बाळाला उचललं. दोन मुलींचा बाप असूनही त्याने तिला पाण्याचा घडा धरावा तसं धरलं आणि धावायला पाय उचलला.

"मान धरा तिची," हेदिस्ते म्हणाली.

त्याने धरली, आणि धावला.