उंबराणीचा अडकलेला महिना

उंबराणीच्या राज्यात महिना चंद्रावर चालत नसे की सूर्यावर. तो चालत असे सदानंदवर. विरार पूर्वेला एका चार मजली इमारतीत राहणारी त्याची लेक ज्ञानदा ही या राज्याची कर्तीकरविती, आणि तिने कायदाच करून टाकला होता: बाबा कामावरून दिवसाउजेडी घरी आला की जुना महिना संपला, नवा लागला. रविवार धरायचा नाही, कारण रविवारी बाबा कुठून येत नाही, नुसता असतो. नव्या महिन्याचं नाव ठेवायचं ते बाबा लवकर का आला त्यावरून. लोकलची ओव्हरहेड वायर तुटली तेव्हा तारतुटी लागला. दाढ ठणकली म्हणून साहेबांनी सोडलं तो दाढमास, महाराष्ट्र बंदला बंदमास, आणि साहेबांची सासू वारली तेव्हाचा सासूमास. हे सगळं कपाटाच्या दाराला आतून चिकटवलेल्या एका पाठकोऱ्या कागदावर रंगीत खडूंनी लिहिलेलं असे.

सदानंद गोरेगावला औषधाच्या बाटल्यांची झाकणं बनवणाऱ्या कंपनीत होता. अंधारात निघायचा, अंधारात परतायचा, त्यामुळे उंबराणीचे महिने तसे लांबलचकच. पण सासूमासाने मात्र कहर केला होता. संपता संपेना.

कारण साधं होतं आणि लाजिरवाणं होतं. कंपनीला गणपतीआधीच टाळं लागलं होतं. दिवाळी होऊन गेली, तरी सदानंदने घरात तोंडातून ब्र काढला नव्हता. रोज पहाटे बायकोने, विनयाने, भरलेला डबा घेऊन तो निघे, स्टेशनचा पूल ओलांडून पश्चिमेला उतरे आणि नंदाखाल गावची बस धरी. तिथे बेसिलची केळीची वाडी होती. बेसिलही त्याच कंपनीतून घरी बसलेला, पण त्याने त्याच दिवशी बायकोला सांगून टाकलं होतं. सदानंद दिवसभर तिथे केळींना टेकू लाव, पाणी सोड असं काहीबाही करी आणि अंधार पडायची वाट बघत बसे. घर एका बसच्या अंतरावर आणि हा गृहस्थ चोरासारखा काळोखाची वाट बघतोय. लोकलाजेपायी माणूस काय काय करतो, बघा.

एका रविवारी ज्ञानदाने त्याला हाताला धरून कपाटापाशी नेलं. उंबराणीत होड्या फक्त महिना लागतो त्या दिवशीच समुद्रात सुटतात, हे तिने त्याला पुन्हा समजावलं. मग कागदाच्या तळाशी खडूने काढलेल्या निळ्या किनाऱ्यावर रांगेत ओढून ठेवलेल्या होड्या दाखवल्या.

"मासळी संपली. आता तांदूळपण संपले. माणसं उपाशी आहेत, बाबा."

तक्रारीचा सूर नव्हता, नुसती राज्याची खबर होती. मग तूच बदल की महिना, खोटा खोटा, असं सदानंदने सुचवलं. ज्ञानदाने त्याच्याकडे असं पाहिलं, जणू त्याने तिला परीक्षेत कॉपी करायला सांगितलं होतं.

दुसऱ्या दिवशी वाडीत त्याने डबा उघडला आणि तसाच झाकून ठेवला. हसण्यावारी न्यावं म्हणून त्याने ही गंमत बेसिलला सांगितली. बेसिल हसला नाही. हातातला कोयता त्याने खाली ठेवला.

"म्हणजे तू चार वाजता घरी गेला तर त्या लोकांना जेवायला मिळते. आणि तू इथे माझ्या केळींना पाणी घालत बसलाय?" तो म्हणाला. "माझी केळी मी बघतो. तू जा."

सदानंद निघाला खरा, पण बसमध्ये त्याने एक थाप शिजवून ठेवली. साहेबांच्या मुलाचं लग्न, म्हणून अर्धा दिवस सुट्टी. लग्नमास. नावही कसं छान होतं.

दार ज्ञानदानेच उघडलं. जिन्यात अजून ऊन होतं. ती क्षणभर बघतच राहिली, मग ताट आणि डाव घेऊन घरभर बडवत सुटली. विनया ओले हात पदराला पुसत बाहेर आली, आज कसे काय लवकर, म्हणाली, आणि हसून चहाचं आधण ठेवायला वळली. त्या हसण्याने सदानंदला जास्तच मेल्याहून मेल्यासारखं झालं.

ज्ञानदा खडू घेऊन कपाटापाशी उभी राहिली. "कारण सांग. नाव लिहायचंय."

थाप ओठांवर आली होती. पण ती आता लेकीच्या वळणदार अक्षरात कपाटाच्या दारावर चढणार होती, आणि रोज शर्ट काढताना त्याला वाचावी लागणार होती.

"कंपनी बंद झाली," तो म्हणाला. "गणपतीआधीच झाली. मी सांगितलं नाही."

विनयाने गॅस बंद केला. मग रोज डबा घेऊन कुठे जात होतात, एवढंच तिने विचारलं. त्याने सांगितलं.

"मी चारला उठून करत होते तो," ती म्हणाली आणि ओट्याला टेकून उभी राहिली.

ज्ञानदा कायद्याच्या विचारात गढली होती. बंदमास आधीच होऊन गेलेला. शिवाय बाबा आता रोज घरीच, म्हणजे रोजच रविवार, म्हणजे महिना कधी लागणारच नाही. तिने खडूने डोकं खाजवलं आणि तोडगा काढला.

"मग बाबावर नको. महिना आता आईवर ठेवते. आई सांगेल तेव्हा लागेल. चालेल ना, बाबा?"

सदानंदने मान हलवली.

"आई, लागला का महिना? सोडू होड्या?"

विनयाने सदानंदकडे पाहिलं. तो तिच्या डोळ्याला डोळा देऊ शकला नाही. शेगडीवर आधण निवत होतं.

"आज नको, बाळा," ती म्हणाली. "आज मला नाही जमणार."

ज्ञानदाने खडू खाली ठेवला आणि कपाट लावून घेतलं. त्या रात्रीही उंबराणीतली माणसं उपाशीच निजली.