सासरे ढगातून उतरायचे होते

खंडेनवमीला आमच्या ह्यांनी पाटावर कॅमेरा, लाइट आणि एक सीडी मांडली. सीडी चमकती बाजू वर करून. मी सगळ्यांना सारखंच हळदकुंकू वाहिलं, वर अक्षता. पूजेत भेदभाव माझ्याने होत नाही.

सीडी ह्यांच्यासारखेच लग्नाचे व्हिडिओ काढणाऱ्या महेशने दिलेली, चोरून कॉपी केलेली. तिच्यातल्या सॉफ्टवेअरने माणूस हवेत उडतो म्हणे. विंचूरच्या लंकाबाईंना तेच हवं होतं. लेकाच्या लग्नाच्या व्हिडिओत त्यांचे वारलेले सासरे ढगातून उतरून आशीर्वाद देणार! लेक रोहित दसऱ्याच्या संध्याकाळी मस्कतला निघणार होता, व्हिडिओ घेऊनच.

सॉफ्टवेअर ह्यांनी आधीच कॉम्प्युटरात भरलं होतं. आरती झाली, ह्यांनी कॉम्प्युटर लावला, तर तो अंगात आल्यासारखा आपला आपणच बंद-चालू व्हायला लागला. सासऱ्यांसकट अख्खं लग्न गेलं.

"महेश, काय दिलंस रे हे?" हे फोनवर ओरडले.

"व्हायरस हाय त्यात, कुंदनशेठ. माझाबी कॉम्प्युटर बसलाय."

"मग आधी सांगायचं ना, गाढवा!"

तरी ह्यांची खोड जाईना. कॉम्प्युटर आतून सगळा पुसून काढला आणि तीच सीडी पुन्हा टाकायला घेतली. ती चिकट. टॉवेलने खसाखसा पुसली, तर अक्षतांचे ओरखडे उमटले. कॉम्प्युटरने गुरगुरून ती बाहेर थुंकली.

"अगं, चमकत्या बाजूला कुंकू?"

"तुम्हीच तशी मांडलीत. मला वाटलं, तोंड वर केलंय."

"शूटिंगच्या टेपा शाबूत आहेत गं. पण सासरे कशाने उतरवू?"

मी देवघरातून खोकं आणलं. टेपा कॉम्प्युटरात उतरवायच्या कॅप्चर कार्डाबरोबर रीतसर बिलावर आलेलं साधं सॉफ्टवेअर. ह्यांनी पोरखेळ म्हणून बाजूला टाकलेलं, मी दर गुरुवारी त्याला फूल वाहायचे.

"ह्यात माणूस उडत नाही," हे कुरकुरले.

"मग चालत येऊ द्या."

दसऱ्याला दुपारी लंकाबाई आपट्याची पानं घेऊन आल्या. पडद्यावर नवरानवरी मांडवातल्या रिकाम्या खुर्चीला वाकले. खुर्ची हळूहळू विरली आणि तिच्या जागी कोट घातलेले सासरे उमटले, जुन्या फोटोतले.

ह्यांनी मान खाली घातली. "ढग नाही जमले, लंकाताई."

"बरं झालं, कुंदनभाऊ." त्यांनी पदराने डोळे टिपले. "मामंजींना माळ्यावर चढलं तरी गरगरायचं. घरात असेच यायचे, न खोकता. आम्हा सुनांच्या चहाड्या ऐकायला."

रोहितसाठी भरलेली नवी सीडी ह्यांनी पुढे केली. मी कुंकवाचा करंडा उचलला. ह्यांनी सीडी झटकन पाठीमागे लपवली.