मागावरून न उठलेल्या बाई

“तंत्रशिक्षण हा नुसता शब्द नाही, ते मानवजातीच्या मनगटातलं बळ आहे,” असं तंत्रनिकेतनाच्या प्राचार्यांनी गर्जून सांगितलं आणि माइक बंद पडला. वीजविभागाचे झाडून सारे अध्यापक पहिल्या रांगेत होते. त्यांनी एकमेकांकडे आदराने पाहिलं.

प्राचार्य घसा ताणून पुढे बोलले. तंत्र म्हणजे मुळात माग. ‘तन्’ म्हणजे ताणणे. त्यावरून ताणलेले उभे धागे, मग ते ज्यावर ताणायचे तो माग, आणि पुढे कुठलंही काम रीतसर करण्याची हातोटी. “आपली सगळी यंत्रं त्या मागाची लेकरं आहेत.” टाळ्या पडल्या.

त्याच वेळी मागच्या शेडमध्ये, प्राचार्यांच्याच हुकमाने, संस्थेचा एकुलता एक हातमाग भंगारात निघाला होता. मोटारी लावायला जागा हवी होती. माग गेला की विणकामाचा वर्ग बंद, आणि तो शिकवणारी माझी मेहुणी घरी.

“भावजी, चला,” तिने माझी बाही ओढली. “टाळ्या घरी वाजवा.”

शेडमध्ये जाऊन ती थेट मागाच्या फळीवर बसली.

“बाई, उठा,” भंगारवाला म्हणाला. “वजन करायचंय.”

“माझ्यासकट कर.”

“माणसाला भाव नसतो, बाई.”

“ते इथे नोकरीला लागल्या दिवशीच कळलं मला.”

भंगारवाल्याने निरोप धाडला. प्राचार्य गळ्यातला हार सावरत धावत आले.

“बाई, शोभा करू नका. पाहुणे आलेत.”

“आत्ताच म्हणालात, तंत्र म्हणजे माग. माग जाणार असेल तर पाटीवरचं ‘तंत्र’ही खरवडून ह्याच गाडीत टाका. मागे उरेल निकेतन. म्हणजे घर. मग आपण सगळेच घरी जाऊ.”

“अहो, ते भाषण होतं,” प्राचार्य कळवळून म्हणाले.

“आणि हा माग आहे. मी उठणार नाही.” तिने आडव्या धाग्याचा धोटा फेकला. खट्. परत फेकला. खट्.

“हाच का तो माग?” दारातून प्रमुख पाहुण्यांनी विचारलं. भाषण त्यांनी खरंच ऐकलं होतं. असा धोका कुठल्याही समारंभात असतो.

“हाच,” प्राचार्य म्हणाले. “जिवापाड जपलाय.”

“मीपण जपायलाच आलो होतो,” म्हणत भंगारवाला मागाला बांधलेला दोर सोडू लागला.

“आणि वर्गही चालू राहणार,” मेहुणी पाहुण्यांना म्हणाली. “हो ना, सर?”

प्राचार्यांची मान हलली. उभी की आडवी, ते मानेलाही ठरवता आलं नसावं.

“तोंडाने सांगा, सर.”

“चालू राहील.”

मंडळी चहाकडे वळली, गाडी रिकामी गेली. मेहुणी मात्र किल्लेदारासारखी ताठ बसून होती.

“जिंकलीस,” मी म्हटलं. “आता तरी ऊठ.”

“तेच सांगणार होते, भावजी,” ती हळूच म्हणाली. “दोन्ही पायांना मुंग्या आल्यात. जरा हात देता का?”