दिवाकरचा हुंकार

नरहरीच्या पोटात दुखायला लागलं ते पौष महिन्यात, दिवाकरच्या खळ्यावर, भर दुपारी. अन् ते दुखणं काही खाण्यापिण्याचं नव्हतं.

धानाची मळणी चालली होती. ट्रॅक्टर पेंढ्यांवर गोल गोल फिरून थांबला होता आणि माणसं कडेला चहाला बसली होती, सगळ्यांच्या भुवयांवर भुसा. अशा वेळी गोष्ट सांगायची ती नरहरीनं, हे ठरलेलंच. भोसल्यांच्या काळात येऊन इथं रुजलेली ही दहा-बारा मराठी घरं. रायपूरची नवी राजधानी पार गावाच्या कुंपणाला येऊन टेकली, तरी खळ्यावरची रीत जुनीच होती. गोष्ट सांगणारा एक आणि हुंकार देणारा एक. सांगणारा थांबला की हुंकारवाल्यानं "हव" म्हणायचं, आणि गोष्ट पुढं ढकलायला "मंग?" म्हणायचं. छत्तीसगढी शेजाऱ्यांकडून उचललेली ही रीत. नरहरीला बावीस वर्षं हुंकार दिला तो दिवाकरनं. दोघांच्या वावरांचा बांध एकच.

नरहरीची मोजणीची गोष्ट तर सगळ्या पाऱ्याला, म्हणजे वस्तीला, पाठ होती.

"मोजनीवाला साहेब आला," नरहरी सुरू करायचा.

"हव."

"बांधावर उभा राहून मले म्हन्ते, बाबा, हे वावर कोनाचं?"

इथं दिवाकर लगेच बोलायचा नाही. चहाचा एक घोट घ्यायचा, गिळायचा, आणि मग हळूच, "मंग?"

"मी म्हनलं, साहेब, सकाळी तं माहंच होतं. आता तुमच्या कागदात पाहून सांगा."

ज्यांची वावरं राजधानीत गेली होती, तेसुद्धा पोट धरून हसायचे.

पण त्या दुपारी चहाला यज्ञेश्वर होता. रेल्वेत टीसी होता, रिटायर झाल्यावर गावात प्लॉट घेऊन राहायला आलेला. धुतलेला सदरा, कोरलेली मिशी, खळ्यावर येऊनही अंगाला भुशाचा कण नाही. नरहरी खाकरून सुरू करणार, तेवढ्यात यानंच तोंड उघडलं.

"एक मानूस बकरी घेऊन डब्यात बसला होता."

"हव," दिवाकर म्हणाला.

नरहरीनं मान वळवून पाहिलं. दिवाकरच होता.

"गाडी दोन टेसन पुढं आली. मी म्हनलं, बकरीचं तिकीट कुठं हाय?"

दिवाकरनं चहाचा घोट घेतला. नरहरीचा घोट होता तो, बावीस वर्षांचा. तो गिळून दिवाकर म्हणाला, "मंग?"

"तो म्हन्ते, साहेब, ते कुठं जाऊन राह्यली? ते तं मले सोडाले आली!"

खळं फुटलं हसून. ट्रॅक्टरवाला चहा सांडून बसला. नरहरीही हसला, कारण न हसता तर लोकांनी पाहिलं असतं. पण बायको दुसऱ्याच्या सायकलवर डबल सीट दिसावी तसं त्याला झालं.

घरी येऊन त्यानं भाकरीला हात लावला नाही. मग त्याला काय वाटलं कोण जाणे, तांदूळ निवडत बसलेल्या बायकोला, प्रेमलाला म्हणाला, "ऐक. मोजनीवाला साहेब आला. मले म्हन्ते, बाबा, हे वावर कोनाचं?"

"अन् तुम्ही म्हनलं कागदात पाहून सांगा," प्रेमला खडा फेकत म्हणाली. "माहीत हाय मले."

"अवं, मंधात मंग म्हनाव लागते ना!"

"मंग म्हनाले दिवाकरभाऊ होते. काहून, सोडून गेले का तुमाले?" तिनं वर पाहिलं आणि तिला खरोखरच हसू आलं. "अगा बाई! सवत आली म्हना की!"

नरहरी उठून गोठ्यात गेला आणि उगाच बैलावर ओरडला.

फाल्गुनात दिवाकरच्या अनुश्रीचं लग्न निघालं. मुलगा रायपूरच्या पुरानी बस्तीतला, नोकरीवाला. वरात दुपारी बारापर्यंत येणार होती, आली तीनला. राजधानीचे नवे रस्ते चांगले पन्नास हात रुंद, पण रस्ता विचारायला माणूस नाही, आणि सगळे चौक एकसारखे. वरातीची बस एकाच गोल चौकाला चार फेऱ्या मारून आली होती. व्याही श्यामराव उतरले ते लालबुंद होऊन. पंगत बसली, पण श्यामराव पानाला हात लावेनात. व्याह्यानं घास घेतल्याशिवाय पंगत कशी जेवणार? दीडशे माणसं वरणभात थंड होताना पाहत बसली.

अशा वेळी व्याह्यासमोर गोष्ट सांगणारा बसवतात. दिवाकर नरहरीकडे आला. नरहरीनं तर सदऱ्याची बाही सारखीही केली.

"नरहरी, तू वाढप्यांकडं पाह्य," दिवाकर घाईत म्हणाला. "यज्ञेश्वरले बसवतो. शहरातले लोक हायेत, त्याचं जमंन."

नरहरीच्या कानशिलातून वाफ निघाली. वाढप्यांकडे गेला नाही तो; यज्ञेश्वराच्या मागंच भाताची परात घेऊन उभा राहिला. मुलीचा बाप असलेला दिवाकर श्यामरावांपुढे हात जोडून उभा. हात जोडलेला माणूस हुंकार देत नाही. हे यज्ञेश्वराच्या लक्षात आलं नव्हतं, नरहरीच्या आलं होतं.

"व्याहीबुवा, एक मानूस बकरी घेऊन डब्यात बसला होता," यज्ञेश्वरानं सुरू केलं आणि थांबला.

कोणी बोललं नाही. त्यानं इकडंतिकडं पाहिलं. कपाळाला घाम आला. "मी म्हनलं, बकरीचं तिकीट कुठं हाय?" पुन्हा थांबला. पुन्हा शांतता. शेवटी बिचाऱ्यानं स्वतःच तोंड उघडलं, "तो म्हन्ते, साहेब, ते कुठं..."

"हव! मंग?" नरहरी मागून मोठ्यानं म्हणाला, नेमका त्या शब्दांच्या उरावर.

गोष्टीचं शेपूट कोणालाच ऐकू आलं नाही. श्यामरावांनी "अस्सं" म्हटलं आणि पान दोन बोटं पुढं सारलं.

नरहरीला फार गोड वाटलं. एक श्वासभर वाटलं. मग त्याची नजर दिवाकरच्या हातांवर गेली. जोडलेले हात अजून खाली आले नव्हते. चहाचा कप धरून बावीस वर्षं त्याच्या गोष्टी थोपवून धरणारे हात ते. दारात शालूतली अनुश्री उभी होती, सासऱ्याच्या पुढं सारलेल्या पानाकडे पाहत. लहानपणी मोजणीच्या गोष्टीला ती नरहरीच्याच मांडीवर बसून "मंग?" म्हणायची. नरहरीला स्वतःची लाज वाटली. परात खाली ठेवून तो यज्ञेश्वराला खेटून बसला.

"दुसरी सांगा, यज्ञेश्वरभाऊ."

यज्ञेश्वरानं ओठ पुसले. "एका बुढीनं चालत्या गाडीची साखळी ओढली."

"हव."

"मी पयत गेलो. म्हनलं, आजी, काहून ओढली? म्हन्ते, दह्याचं मडकं घरी राह्यलं."

"हव. घर कुठं?"

"गोंदिया! मी म्हनलं, आजी, गाडी तं डोंगरगडच्याही पुढं आली!"

आता चहा नव्हता. नरहरीनं समोरचं द्रोणातलं पाणी उचललं, एक घोट घेतला. श्यामरावांची मान नकळत पुढं आली. नरहरीनं घोट गिळला.

"मंग?"

"बुढी म्हन्ते, म्हनून तं ओढली! आनखी कुठं लांब गेली असती!"

श्यामरावांच्या नाकातून आधी हवा निघाली, मग खांदे हलले, मग ते असे हसले की फेटा मागं सरकला. "माह्या बसमंधी ह्या बुढीनं साखळी ओढाले पाह्यजे होती," म्हणाले, आणि वरणभात कालवला. पंगत जेवायला लागली.

संध्याकाळी पोरगी सासरी गेली. मांडवात दिवाकर नरहरीशेजारी येऊन बसला, हातात चहाचा कप.

"बकरीच्या वक्ती तुहा हुंकार उशिरा पडला."

नरहरी नखानं सदऱ्यावरचा डाग खरवडायला लागला.

"चुकून?"

"नाही," नरहरी म्हणाला.

दिवाकरनं घोट घेतला. "मंग?"

"मंग काय. जळलो मी. तुह्या पोरीचं लग्न हाय हेही इसरलो."

तेवढ्यात यज्ञेश्वर आला, नरहरीचा हात दोन्ही हातांत धरून म्हणाला, "नरहरीभाऊ, जिंदगीत असा हुंकार नाही पाह्यला. दिवाकरपेक्षा दसपट! आता पुढच्या खळ्यावर तुम्ही माह्या बाजूले."

दिवाकरचा कप ओठांपाशीच थांबला. "तो काहून देईन?" तो फटकन म्हणाला. "त्याले सोताच्या गोष्टी नाहीत का? अन् दसपट कोनं मोजलं?"

नरहरीनं दिवाकरकडे पाहिलं. कानाच्या पाळ्या लाल झाल्या होत्या. दोन महिन्यांत पहिल्यांदाच नरहरीचं पोट दुखायचं थांबलं. त्यानं घाई केली नाही. दिवाकरच्या हातातला कप काढून घेतला, एक घोट घेतला, सावकाश गिळला.

"मंग," तो यज्ञेश्वराला म्हणाला, "कधी येऊ?"